एकवीस दिवस पुरेत

डॉ. हेमांगी गवसने पसरत्या लशीचा थेंब नाकात घेतला, तेव्हा राज्यातली कोटभर माणसे आपापल्या पडद्यावर ते पाहत होती. थेंब घेताच तिला शिंक आली. पुण्यातल्या त्या लहानशा स्टुडिओत सगळे मागे सरकले. हेमांगीने रुमालाने नाक पुसले आणि कॅमेऱ्याकडे पाहत ती म्हणाली, "ही शिंक लशीची नाही. नाकात पाणी गेलं की येते, तशी आहे. लशीची शिंक तिसऱ्या दिवशी येईल. ती आली की समजायचं, लस आता माझ्याकडून दुसऱ्याकडे निघाली."

सन दोन हजार त्रेचाळीस. चिरेतापाला तेव्हा दोन वर्षे झाली होती. सिंधुदुर्गातली एक सोडून दिलेली चिरेखाण पुन्हा सुरू झाली आणि खाणीच्या कपारीत राहणाऱ्या वटवाघळांकडून हा ताप कामगारांना आला, म्हणून लोकांनी त्याला हे नाव दिले. पाच दिवस साधा ताप वाटे. सहाव्या दिवशी दम लागे. रुग्णालयात गेलेल्या चौघांतला एक परत येत नसे. इंजेक्शनची लस होती, पण ती उणे सत्तर अंशांत ठेवावी लागे, दोनदा घ्यावी लागे, आणि ती वाड्यावस्त्यांवर पोचायच्या आत ताप पोचलेला असे.

हेमांगी संसर्गरोगतज्ज्ञ होती. सत्तेचाळीस वर्षांची, एकटी राहणारी. राज्याच्या साथरोग संस्थेत तिचे काम प्रयोगशाळेतले, पण दोन वर्षांपूर्वी कुणीतरी आजारी पडले म्हणून तिला बोलायला बसवले आणि तेव्हापासून रोज सकाळी साडेसातला सात मिनिटे ती राज्याशी बोलत होती. रेडिओवर, फोनवर, एसटी स्थानकांतल्या पडद्यांवर. तिचा आवाज काही गोड नव्हता. पण ती आकडे लपवत नसे, आणि जे ठाऊक नसेल त्याला सरळ 'माहीत नाही' म्हणे. लोकांचा तिच्यावर विश्वास बसला तो या दोन शब्दांमुळे.

पसरती लस तिने अशी समजावली होती :

"घरात एकाला सर्दी झाली की चौघांना होते. आम्ही सर्दीचाच एक सौम्य विषाणू घेतला आणि त्याच्या अंगावर चिरेतापाच्या विषाणूचा एक तुकडा चढवला. हा विषाणू नाकात वाढतो, दोन दिवस नाक वाहतं, आणि शरीर त्या तुकड्याची ओळख लक्षात ठेवतं. पुढे खरा चिरेताप आला तर त्याला दारातच अडवतं. शिंकेबरोबर ही लस घरातल्या, शेजारच्या माणसांकडे जाते. म्हणून पंधरातल्या एकाला थेंब दिला तरी पुरतं. आता तुम्ही विचाराल, ही थांबणार कुठे? तिच्यात आम्ही सहा खुणा घातल्यात. दर नव्या माणसात शिरताना एक खूण गळते. थेंब घेतलेल्याकडे सहा, त्याच्याकडून ज्याला गेली त्याच्याकडे पाच, त्याच्या पुढच्याकडे चार. सगळ्या गळाल्या की विषाणू वाढूच शकत नाही."

मग ती धोक्याकडे आली होती. "ज्यांची प्रतिकारशक्ती औषधांनी दाबून ठेवलेली आहे, म्हणजे कर्करोगाचे रुग्ण, अवयव बदललेले लोक, त्यांच्या शरीरात हा विषाणू नाकापाशी थांबेल असं नाही. तो छातीत उतरू शकतो. अशा लोकांनी बारा आठवडे घरात राहायचं आहे. आणि थेंब घेतलेल्यांनी एकवीस दिवस त्यांच्याकडे जायचं नाही. एकवीस दिवसांनंतर नाकात विषाणू उरत नाही, असं चाचण्यांत दिसलं आहे."

ज्यांना घरात राहायचे होते त्यांच्या यादीत हेमांगीचा धाकटा भाऊ होता. केदार बांद्याला राहत असे. सुपारीच्या बागांवर उडत्या यंत्रांनी फवारणी करून देण्याचा त्याचा धंदा होता. सहा वर्षांपूर्वी त्याची दोन्ही मूत्रपिंडे निकामी झाली तेव्हा त्याची बायको प्रणाली हिने आपली एक किडनी त्याला दिली. ती किडनी शरीराने टिकू द्यावी म्हणून तो रोज सकाळ-संध्याकाळ प्रतिकारशक्ती दाबणाऱ्या गोळ्या घेई. आईवडील गेल्यावर हेमांगीला जवळचे असे हे दोघेच होते.

आता केदार आणि प्रणाली दार लावून बसले होते. सामान ओट्यावर ठेवून माणूस निघून जाई, मग प्रणाली ते आत घेई. केदार खिडकीत बसून पडद्यावर बागा बघे आणि फवारणी करी. सकाळी बहिणीचे बोलणे ऐके आणि त्यानंतर तिला फोन करी.

एकोणिसाव्या दिवशी त्याने विचारले, "काय गो ताई, आज आवाज बसलेलो वाटता."

"दम्याचो त्रास. हवा बदलली की होता."

"पंप घेतंस मा?"

"घेतंय रे. रोज दोनदा."

"मगे बरां. आणखी दोन दीस रवले तुझे. मी मोजतंय." मग थोडे थांबून तो म्हणाला, "येतलंस मा? रोज तुझो आवाज ऐकतंय, पण तां काय खरा नाय. माणूस समोर व्हया."

चिरेतापाच्या भीतीने ते दोघे लशीच्या आधीपासूनच घरात होते; दोन महिन्यांत प्रणालीखेरीज त्याने कुणाचा चेहरा जवळून पाहिला नव्हता. हेमांगी म्हणाली, "येतंय. बाविसाव्या दिवशी."

दुसऱ्या दिवशी कार्यक्रमात श्रोत्यांचे प्रश्न होते. एव्हाना सामान्य लोकांना थेंब द्यायला सुरुवात होऊन तीन दिवस झाले होते आणि प्रतिसाद हवा तसा नव्हता. कार्यक्रमापूर्वी आरोग्य सचिव नीलिमा वर्तक यांचा फोन आला. त्या वाईट बाई नव्हत्या. दोन वर्षे त्यांनी रजा घेतली नव्हती.

"हेमांगी, गेल्या आठवड्यात तू अकरा वेळा 'माहीत नाही' म्हणालीस. मला त्याचं कौतुकच आहे. पण केंद्रांवर लोक येतात, रांगेत उभे राहतात आणि परत जातात. म्हणतात, बाईंनाच माहीत नाही. जिथे सांगता येईल तिथे ठाम सांग, एवढंच म्हणते."

"जिथे सांगता येईल तिथे सांगतेच," हेमांगी म्हणाली.

तिसरा प्रश्न कणकवलीच्या एका बाईंचा होता. "मॅडम, मी कालच थेंब घेतला. माझा नातू रक्ताच्या कर्करोगातून उठतोय. मी दम्याचा पंप घेते, त्यात स्टेरॉइड असतं म्हणतात. मलाही एकवीस दिवसच, की जास्त?"

प्रश्न अगदी नेमका होता. चाचण्यांत घेतलेले सगळे लोक धडधाकट होते. पंप घेणाऱ्यांना त्यात घेतलेच नव्हते. पंपातले स्टेरॉइड घशात आणि नाकाच्या मागच्या बाजूला प्रतिकारशक्ती थोडी मंद करते, हे हेमांगीला ठाऊक होते. त्याचा या लशीवर काय परिणाम होईल हे कुणालाच ठाऊक नव्हते. खरे उत्तर दोन शब्दांचे होते. पण सकाळचा फोन तिच्या कानात होता, आणि त्याहूनही, बांद्याच्या गाडीचे तिकीट तिच्या पर्समध्ये होते.

"पंपातलं प्रमाण अगदी थोडं असतं," ती म्हणाली. "एकवीस दिवस पुरेत."

बाविसाव्या दिवशी दुपारी ती बांद्याला उतरली. घर उंचावर होते. पायऱ्या चढून जाताना तिला धाप लागली. ओट्यावर टेकून तिने पंप घेतला. चुळा भरायला प्रणालीने पाणी आणून दिले.

"ताई, मास्क लावू का आम्ही?" प्रणालीने विचारले.

"एकवीस झाले की गं," हेमांगी म्हणाली. "आता मी तुमच्यासारखीच."

केदार आतून आला आणि बहिणीला बिलगला. तो बारीक झाला होता. त्याच्या अंगाला साबणाचा वास येत होता; पाहुणी येणार म्हणून त्याने दुपारी पुन्हा आंघोळ केली होती. प्रणालीने तिसऱ्यांचे, म्हणजे शिंपल्यांचे, सुके केले होते, सोलकढी केली होती. तिघे एकाच टेबलाभोवती जेवले. केदारने तिला पडद्यावर बागा दाखवल्या, कुठल्या बागेत कोळरोग कमी झाला, कुठला मालक फवारणी झाली की लगेच पाऊस मागतो, अशा गोष्टी सांगितल्या. प्रणाली खूप हसली. दोन महिन्यांत आपण एवढे बोललो नव्हतो, असे ती म्हणाली.

संध्याकाळच्या गाडीने हेमांगी परतली.

चार दिवसांनी प्रणालीचे नाक वाहू लागले. दोन दिवसांत ती बरी झाली. फोनवर ती सहज म्हणाली, "पंख्याखाली झोपले, म्हणून." हेमांगीने दिवस मोजले. तिने प्रणालीला केदारपासून वेगळ्या खोलीत राहायला सांगितले. प्रणालीने ऐकले, पण तोवर दोन रात्री ती त्याच्या उशाशीच झोपली होती.

एकतिसाव्या दिवशी केदारला ताप भरला. बत्तिसाव्या दिवशी त्याला गोव्यातल्या रुग्णालयात नेले. हेमांगी पोचली तेव्हा तो काचेच्या खोलीत होता, नाकाला प्राणवायूची नळी, छातीचे चित्र दोन्ही बाजूंनी पांढरे. डॉक्टरांनी प्रतिकारशक्ती दाबणाऱ्या गोळ्या थांबवल्या. गोळ्या थांबवल्या तर किडनी जाईल, चालू ठेवल्या तर फुप्फुसे जातील, असे त्यांनी प्रणालीला सांगितले. प्रणालीने विचारले, "दोन्ही वाचतील असं काही?"

केदारच्या आणि प्रणालीच्या घशातले नमुने पुण्याला गेले, त्यांबरोबर हेमांगीच्या नाकातलाही. तपासणारा जुबेर मुकादम. हेमांगीबरोबर अठरा वर्षे काम केलेला, लशीतल्या खुणा ज्याने घातल्या तो माणूस. पस्तिसाव्या दिवशी दुपारी त्याचा फोन आला. हेमांगी रुग्णालयाच्या मागच्या व्हरांड्यात होती.

"मॅडम, लशीचाच विषाणू आहे. पहिल्या घाण्यातला." पहिला घाणा फक्त चाळीस जणांना दिला होता, संस्थेतल्याच. त्या चाळिसांतले बांद्याला गेलेले एकच माणूस होते.

"माझा नमुना?"

"तुमच्या नाकात अजून आहे. पस्तिसाव्या दिवशी." जुबेर थांबला. "म्हणून मी आणखी एक केलं. चाळिसांतले सहा जण पंप घेतात. त्या सहांतल्या चौघांच्या नाकात अजून विषाणू आहे. बाकीच्या चौतीस जणांत एकातही नाही."

कणकवलीच्या बाईंचा आवाज हेमांगीला जसाच्या तसा आठवला.

"अजून एक आहे," जुबेर म्हणाला. त्याचा आवाज खाली आला होता. "केदारच्या नमुन्यात चार खुणा आहेत."

तिने मनात मोजले. थेंब घेतलेल्याकडे सहा. तिच्याकडून थेट गेला असता तर पाच.

"प्रणालीच्या नमुन्यात पाच," जुबेर म्हणाला. "तुमच्याकडून तिला, आणि तिच्याकडून त्याला. अहवालात हे लिहावं लागेल मला."

"लिही," हेमांगी म्हणाली.

केदारला तेव्हा अजून बोलता येत होते. दोन वाक्यांमध्ये तो बराच वेळ श्वास घेई. हेमांगी अंगभर आवरण घालून आत गेली आणि त्याच्या जवळ बसली. तिने त्याला सगळे सांगितले, काहीही मागे न ठेवता. कणकवलीच्या बाईंचा प्रश्नही सांगितला.

"तुका म्हायत नाय होता?" त्याने विचारले.

"म्हायत नाय, ह्या म्हायत होता," ती म्हणाली. "तरी मी पुरेत म्हटलंय."

तो छताकडे बघत राहिला. "मीच तुका बोलावलंय ना," तो म्हणाला. तो तिची समजूत घालत नव्हता. कुठल्या कुठल्या गोष्टी एकत्र येऊन आपण इथे पोचलो, हे तो आपल्यापुरते लावून पाहत होता. मग त्याने मान वळवली.

"चार खुणांचा प्रणालीक सांगलंस?"

"नाय अजून."

"सांगू नको." त्याला खोकला आला. तो थांबेपर्यंत तिने त्याचा हात धरून ठेवला. "तिना माका किडनी दिल्यान. तिका ह्या कळाक नको. तू म्हण, माझ्याकडसून गेला. तां खोटा नाय."

"केदार…"

"तू जगाक काय तां सांग. ह्या एक सांगू नको."

हेमांगीने होकारार्थी मान हलवली. संध्याकाळी त्याला कृत्रिम श्वासावर ठेवले. त्यानंतर तो बोलला नाही.

बाहेर प्रणाली बाकावर बसली होती. हेमांगीने तिला सांगितले की विषाणू आपल्याकडून घरात आला, एकवीस दिवसांचा हिशेब पंप घेणाऱ्यांना लागू पडत नाही, आणि हे आपल्याला आधी कळायला हवे होते.

प्रणालीने विचारले, "मी मास्क लावू का म्हणून विचारलं होतं ना तुम्हाला?"

"हो."

"मग मला सर्दी झाली होती ती?"

"तीच," हेमांगी म्हणाली.

"म्हणजे माझ्याकडून…"

"माझ्याकडून गेला तो," हेमांगी म्हणाली. "मी आणला, मी दिला."

प्रणालीने तिच्याकडे पाहिले. डोळे कोरडे होते. "तुम्ही टीव्हीवर सांगणार हे?"

"सांगावं लागेल. पण तू नको म्हणालीस तर त्याचं नाव घेणार नाही."

"नाव घ्या," प्रणाली म्हणाली. "नाहीतर लोक म्हणतील, असा कुणी नव्हताच."

नीलिमा वर्तकांनी आठ दिवस मागितले. "सहा माणसांवरून तू राज्याला काय सांगणार? मला साठ दे, सहाशे दे. लोक आत्ता कुठे थेंब घ्यायला लागलेत. तू उद्या बोललीस तर केंद्रं ओस पडतील. चिरेतापाने रोज किती जातात, ते तुला माहीत आहे."

"माहीत आहे. पण परवा सकाळी पहिल्या सत्तर हजार लोकांचे एकवीस दिवस भरतात. त्यांतले किती पंप घेतात, आणि किती जण परवाच आपल्या माणसाला भेटायला निघतील, तेवढं फक्त सांगा."

वर्तक म्हणाल्या, "मी तुला परवानगी देऊ शकत नाही. पण उद्या साडेसातला मी कुणाचा फोनही घेणार नाही."

सदतिसाव्या दिवशी हेमांगीने पणजीतल्या एका भाड्याच्या खोलीतून तिची सात मिनिटे केली. तिने लिहून काही आणले नव्हते.

"मी आज एक चूक दुरुस्त करायला बसले आहे. मागे कणकवलीच्या एका बाईंनी मला विचारलं होतं, दम्याचा पंप घेणाऱ्यांना एकवीस दिवस पुरतील का. मी म्हटलं, पुरेत. ते कुणी तपासलेलं नव्हतं. तपासलेलं नाही, हे मला माहीत होतं. आता तपासलं आहे. पंप घेणाऱ्या सहांपैकी चौघांच्या नाकात पाच आठवड्यांनीही विषाणू आहे. त्या चौघांतली एक मी.

"थेंब घेतल्यावर बाविसाव्या दिवशी मी माझ्या भावाच्या घरी गेले. त्याचं नाव केदार गवस. त्याची किडनी बदललेली आहे. माझ्याकडून विषाणू त्याच्या घरात गेला. आज तो कृत्रिम श्वासावर आहे.

"तुम्ही पंप घेत असाल किंवा स्टेरॉइडच्या गोळ्या घेत असाल आणि थेंब घेतला असेल, तर एकवीस दिवस झाले तरी अशा कुणाकडेही जाऊ नका. जवळच्या केंद्रावर नाक तपासून घ्या. विषाणू नाही असं दोनदा आलं, तरच जा. आज निघाला असाल तर वाटेतून परत फिरा. ते रागावतील. रागावू द्या.

"आता दुसरी गोष्ट. ती ऐकायला जड जाईल. बाकीच्यांनी थेंब घ्यावाच. माझ्या भावाला जे झालं ते लाखांत एखाद्याला होतं. चिरेताप शेकड्यांनी माणसं नेतो आहे. या दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत, आणि एकीमुळे दुसरी खोटी होत नाही. माझ्यावर विश्वास ठेवा असं आज मी म्हणणार नाही. उद्यापासून इथे जुबेर मुकादम बोलतील. त्यांना विचारा."

ती बोलत होती तेव्हा रुग्णालयाच्या प्रतीक्षागृहात दहा-बारा माणसे बसली होती. सगळ्यांच्या फोनवर तोच आवाज चालू होता, थोडा मागेपुढे, त्यामुळे केदारचे नाव त्या खोलीत अनेकदा ऐकू आले. मध्ये प्रणाली बसली होती. ती कोण हे कुणाला माहीत नव्हते. शेजारच्या बाई हळहळल्या, "बिचारी बहीण." प्रणाली उठून बाहेर गेली. हे हेमांगीला पुढे एका परिचारिकेने सांगितले.

दोन दिवसांनी सकाळी केदार गेला. त्याचे शरीर बंद पेटीत बांद्याला आले. प्रणालीच्या भावाने अग्नी दिला. हेमांगीच्या नाकात अजून विषाणू असल्याने ती गर्दीपासून दूर, रस्त्याच्या पलीकडे उभी राहिली. सगळे निघाल्यावर प्रणाली तिच्यापासून दहा हातांवर येऊन थांबली आणि म्हणाली, "ताई, तेराव्याला येऊ नका."

"बरं," हेमांगी म्हणाली.

वर्तकांना वाटले होते तसेच झाले. पुढचे दोन महिने थेंब घेणारे तिसऱ्या हिश्शाने घटले. तीन जिल्ह्यांत त्या काळात चिरेतापाने दोनशे बारा माणसे गेली. हेमांगी गप्प बसली असती तर त्यांतली किती वाचली असती, यावर जाणकारांचे एकमत झाले नाही. दुसरीकडे, थेंब घेतलेले एकोणीस हजार पंपवाले तपासले गेले, आणि त्यांतल्या निम्म्याहून अधिकांच्या नाकात पाचव्या आठवड्यात विषाणू सापडला. ती माणसे आपापल्या आजारी मुलांपासून, बायकांपासून, भावांपासून लांब राहिली. ज्यांच्यापासून लांब राहिली त्यांतले किती वाचले याची यादी कधीच होणार नव्हती. दोनशे बारांची मात्र नावे होती, आणि ती हेमांगीने वाचली. कणकवलीच्या बाईंचे पत्र आले. नातू बरा होता. पत्रात आभार मानलेले होते आणि रागही होता, आणि हेमांगीला दोन्ही योग्यच वाटले.

हिवाळ्याच्या सुरुवातीला चिरेताप ओसरला. लशीमुळेच ओसरला, यात शंका नव्हती. हेमांगीने संस्था सोडली आणि सावंतवाडीला एका धर्मादाय दवाखान्यात रुग्ण तपासायला बसू लागली. काही लोक तिला ओळखून परत जात. काही जण मुद्दाम तिच्याकडेच येत. समोरच्या वहीत ती रुग्णांची नावे लिहून घेई आणि त्यांना क्रमाने आत बोलावी.

केदार जाऊन आठ महिने झाले असताना एका मंगळवारी सकाळी प्रणाली दवाखान्यात आली. हेमांगीने वहीतून मान वर केली तेव्हा ती टेबलासमोर उभी होती, हातात कापडी पिशवी. केस कापलेले होते. ती बसली.

"त्याच्या गोळ्या आहेत," तिने पिशवी टेबलावर ठेवली. "किडनीच्या. एकदम साठा आणून ठेवायचा तो. महाग असतात, कुणाच्या तरी उपयोगी पडतील. काहींची मुदत संपत आली आहे, त्या आधी द्या."

"देते," हेमांगी म्हणाली. दोडामार्गचा एक तरुण होता, त्याला लागतील. ती पाकिटांवरच्या तारखा बघू लागली.

"मी अहवाल मागवला होता," प्रणाली म्हणाली. "वारस म्हणून मिळाला. चार खुणा म्हणजे काय ते मला वाचून कळलं नाही. मग तुमचे जुने कार्यक्रम काढून ऐकले. तुम्ही फार सोपं करून सांगितलंय."

हेमांगीचे हात पाकिटावरच थांबले.

"त्याला माहीत होतं?" प्रणालीने विचारले.

"हो."

"आणि त्यानंच सांगितलं ना, मला कळू देऊ नका म्हणून?"

"हो."

प्रणालीने खिडकीतून बाहेर पाहिले. बाहेर रुग्णांच्या बाकावर दोघीतिघी बोलत बसल्या होत्या. "सोळा वर्षांत त्यानं माझ्यापासून लपवलेली ही एकच गोष्ट," ती म्हणाली. "आणि तुम्ही ती त्याच्यासाठी सांभाळलीत. सगळ्या जगाला सांगितलंत आणि मला नाही. तुमचा राग यायला हवा मला. येतोही. पण मग मला वाटतं, त्याचं शेवटचं बोलणं तुमच्याजवळ आहे, आणि माझ्याजवळ ते नाही."

"मी सांगते तुला ते," हेमांगी म्हणाली. "सगळं. शब्दन् शब्द."

"आज नको."

"बरं."

"चहा वगैरेही नको." प्रणाली उठली. पिशवी तिने तिथेच राहू दिली. दारापाशी जाऊन ती थांबली. "अजून गोळ्या आहेत घरी. बऱ्याच. पुढच्या मंगळवारी आणते."

ती गेल्यावर हेमांगीने पाकिटे मोजून कपाटात लावली. नऊ होती. पिशवी मोठी होती, अर्धीअधिक रिकामीच होती, तीसेक पाकिटे तिच्यात सहज मावली असती. हेमांगीने ती झटकून घडी घातली, आणि वहीत पुढच्या मंगळवारच्या पानावर पहिले नाव प्रणालीचे लिहिले.